चतुःसीमा

खरेदीखतात आधी माणसं येतात: लिहून देणार आणि लिहून घेणार. मग मिळकतीचं वर्णन, आणि त्या वर्णनात चतुःसीमा. पूर्वेस कुणाचं घर, पश्चिमेस कोणता रस्ता, दक्षिणेस बोळ, उत्तरेस कुणाचं परडं. या चार ओळी चुकल्या तर पुढच्या दोन पिढ्या कोर्टाच्या पायऱ्या चढतात. म्हणून दस्तलेखक त्या सगळ्यात जपून लिहितो. मी कुरुंदवाडचा. शिरोळ तालुक्यात दस्त लिहिण्यात माझी हयात गेली. खरेदीखत, साठेखत, बक्षीसपत्र, हक्कसोडपत्र, वाटणीपत्र, भाडेकरार आणि महापूर आला की प्रतिज्ञापत्रं. कुणाला घर मिळतं, कुणाला मिळत नाही आणि का मिळत नाही, हे मी माझ्या टेबलावर बघत आलो.

मी बौद्ध आहे. आमच्याकडं आडनाव सांगितलं की पुढचं काही विचारावं लागत नाही. तरीही सगळ्या जातींची माणसं माझ्याकडं दस्त लिहायला आली, येतात. अक्षर आणि चोख काम यांना मान मिळतो, हा माझा अनुभव आहे आणि त्याबद्दल मला समाधान आहे. पण जो माणूस माझ्यावर विश्वासानं लाखोंचा व्यवहार सोपवतो, त्याच्या गल्लीत मला घर मिळेलच असं नाही, हाही माझाच अनुभव आहे. या दोन अनुभवांमध्ये जे अंतर आहे, त्याबद्दल मला लिहायचं आहे.

जुन्या मिळकतींचा शोध घेताना जुने दस्त बघावे लागतात. बँकेला साधारण तीस वर्षांचा शोध पुरतो. वाटणीचा दावा असला की त्याहून मागं जावं लागतं, कधी मोडीतल्या कागदांपर्यंत. त्या दस्तांत माणसाच्या नावापुढं जात आणि धंदा लिहिलेला असतो. चतुःसीमेत अधूनमधून महारवाडा येतो, मांगवाडा येतो: अमुक बाजूस महारवाड्याची हद्द, तमुक बाजूस महारवाड्याकडं जाणारी वाट. असे कागद हातात घेऊन बसलो असताना एक गोष्ट माझ्या लक्षात आली आणि ती मी कधी विसरलो नाही. आमची वस्ती कागदावर सापडते ती दुसऱ्याच्या मिळकतीची सीमा म्हणून. त्या वस्तीच्या आतल्या घराचं जुनं खरेदीखत मला क्वचितच दिसलं. आत खरेदी-विक्री होत नव्हती. गावकीच्या कामाच्या बदल्यात गावानं दाखवलेल्या जागेवर माणसं राहत होती. जागा वापरायची, पण तिचा मालक म्हणून नाव कुठंच नाही. पुढं शंभर वर्षांत जे घडलं, त्यातलं बरंचसं या एका गोष्टीतून निघालं आहे.

कुरुंदवाड कृष्णा-पंचगंगेच्या संगमाजवळ. पलीकडं नरसोबाची वाडी, घाटावर सेनापती संताजी घोरपड्यांची समाधी. 1948 पर्यंत हे पटवर्धनांचं वेगळं संस्थान होतं. म्हणजे शिरोळ, जयसिंगपूर शाहू महाराजांच्या करवीर राज्यात आणि आम्ही त्याच्या कुशीत असूनही त्याबाहेर. शाहू महाराजांनी 1918 मध्ये महार वतन, म्हणजे गावकीच्या कामाबद्दल जमीन लावून देण्याची पद्धत, रद्द करून त्या जमिनी रयताव्यानं, म्हणजे कसणाऱ्याच्या स्वतःच्या नावावर दिल्या, वेठबिगार बंद केली. 1919 मध्ये शाळा, दवाखाने, पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचे हुकूम काढले. ते हुकूम कुरुंदवाडच्या हद्दीत चालत नव्हते. वाड्यावस्त्यांना संस्थानाची सीमा दिसत नाही, पण हक्क कुठं सुरू होतो आणि कुठं संपतो हे ती सीमाच ठरवत होती.

तरी करवीरच्या एका निर्णयाचा लाभ आमच्या घराला झाला. 1908 मध्ये कोल्हापुरात अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग सुरू झालं. माझे वडील पुढं कित्येक वर्षांनी तिथं राहून शिकले. शाळा कोल्हापुरात होत्या, प्रवेशही मिळत होता, पण राहायचं कुठं? भाड्यानं खोली कोण देणार? त्या एका प्रश्नावर कितीतरी मुलांचं शिक्षण संपलं असेल. वडिलांचं संपलं नाही, कारण तिथं त्यांच्यासाठी एक अंथरूण होतं. ते शिकले म्हणून मी शिकलो. माझी मुलगी आज इंजिनिअर आहे. एका राजानं बांधलेल्या छपराचा परिणाम शंभर वर्षांनंतर माझ्या घरात आहे. म्हणून घर नाकारण्याचे परिणाम किती लांब पोचत असतील, हे मला कुणी समजावून सांगावं लागत नाही.

वतनाची गोष्ट थोडी सविस्तर सांगतो, कारण आता ती फक्त आमच्या कामातल्या लोकांनाच माहीत उरली आहे. मुंबई राज्यानं 1958 मध्ये कनिष्ठ ग्रामवतनं रद्द करण्याचा कायदा केला. वतनदाराला ठरावीक रक्कम भरून जमीन परत मिळाली, पण नव्या आणि अविभाज्य शर्तीवर. जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकायची नाही, परवानगी मिळाली तर शासनाकडं नजराणा भरायचा. ही अट जमीन हातातून जाऊ नये म्हणून होती आणि तो हेतू चांगला होता. पण सातबाऱ्याच्या इतर हक्कात ती नोंद असली की बँक अशा जमिनीवर कर्ज द्यायला सहसा तयार होत नाही. शेजारचा शेतकरी जमीन तारण ठेवून विहीर काढतो, पाइपलाइन टाकतो, गावठाणाबाहेर बंगला बांधतो. वतनदाराचा नातू त्याच बांधाला लागून असलेली जमीन घेऊन बसतो आणि घरासाठी बचत गटातून कर्ज काढतो. दोघांच्या कष्टात फरक नाही. फरक सातबाऱ्यावरच्या एका ओळीत आहे.

घरांचंही तेच. गाव वाढतं तेव्हा ते मोकळ्या बाजूला वाढतं. वस्तीला मोकळी बाजू नसते. एकीकडं गाव, दुसरीकडं दुसऱ्याचं शेत, तिसरीकडं ओढा नाहीतर नदी. मग घर आतल्या आत वाढतं. आजोबांच्या दोन खणांत तीन भाऊ, मग त्यांची मुलं. अशा घरांची वाटणीपत्रं मी लिहिली आहेत. चुलीची जागा एकाला, पुढची पडवी दुसऱ्याला, भिंतीला सामाईक हक्क, दाराची वाट सर्वांची. जिन्याखालची जागा कुणाची, यावरून सख्ख्या भावांना माझ्या टेबलासमोर रडताना बघितलं आहे. लोक म्हणतात, या वस्तीत भांडणं फार. जागा मिळू दिली नाही आणि भांडणाचा दोष मात्र माणसांच्या स्वभावाला लावला. पुढं या घरातली तरुण मुलं इचलकरंजीला यंत्रमागावर जातात, पुण्याला जातात, आणि म्हातारी माणसं मागं राहतात.

जागेचा दर काढताना सरकारी तक्त्यात जात नसते, नसायलाच हवी. पण गिऱ्हाईक रस्त्यावर उभं राहून इकडं तिकडं बघतं आणि पुढं कोणती वस्ती आहे ते विचारतं. तेवढ्यावर दर खाली येतो. दर कमी म्हणून कर्ज कमी, कर्ज कमी म्हणून बांधकाम कच्चं, बांधकाम कच्चं म्हणून पुढच्या वेळी दर आणखी कमी. या साखळीत कुणीही कुणाला शिवी दिलेली नसते. सगळे सभ्यपणे वागतात आणि तरीही एका पिढीनं भोगलेली अस्पृश्यता पुढच्या पिढीच्या मालमत्तेत उतरते.

मग पूर येतो. 2005, 2019, 2021. आमच्या भागातल्या माणसाला ही वर्षं मुलांच्या जन्मतारखांसारखी पाठ असतात. पाणी सगळ्यांच्या घरात शिरतं. वाड्यात शिरतं, दुकानात शिरतं, वस्तीत शिरतं. पाण्यानं भेद केला असं मी म्हणणार नाही. भेद दिसतो तो पाणी ओसरल्यावर, परत उभं राहण्याच्या वेळी. ज्याची जयसिंगपूरला दुसरी जागा आहे तो तिकडं जातो. ज्याचं घर पक्कं आहे तो चिखल काढतो, भिंती धुतो, रंग देतो. ज्याच्या मातीच्या भिंती बसल्या, तो कागद शोधायला लागतो.

2019 ला सरकारनं सानुग्रह अनुदान जाहीर केलं, शहरी भागात कुटुंबाला 15 हजार आणि ग्रामीण भागात 10 हजार. पंचनामे सुरू झाले आणि माझ्याकडं प्रतिज्ञापत्रांसाठी रांग लागली. घरपट्टीचा उतारा आजोबांच्या नावावर. आजोबा जाऊन कितीतरी वर्षं झालेली. वारसनोंद कधी झालीच नाही, कारण घर विकायचं नव्हतं, तारण ठेवायचं नव्हतं, मग नोंदीचं काम कुणाला पडलं? एका घरात चार चुली, उतारा एकच. कुणाचं घर जुन्या हद्दीच्या थोडं बाहेर सरकलेलं, म्हणून अतिक्रमण. भिजलेल्या कागदांचे लगदे पिशवीतून घेऊन बायका यायच्या. त्यातून अक्षरं शोधत मी लिहायचो: सदर घरात आम्ही वडिलोपार्जित राहत आहोत. वडिलोपार्जित राहतो हे शपथेवर सांगावं लागतं, यात त्या वस्तीचा सगळा इतिहास आला.

घर पुन्हा बांधायचं तर योजना आहेत. रमाई आवास योजनेतून नगरपालिका हद्दीत अडीच लाखांचं अनुदान आहे. त्याला आधी स्वतःची जागा लागते. निळ्या पूररेषेच्या आत नव्या बांधकामावर निर्बंध, ते योग्यही आहेत. पण त्या रेषेबाहेर जागा घ्यायची कुठून? ग्रामीण भागात जागा खरेदीसाठी पंडित दीनदयाळ उपाध्याय योजनेतून पन्नास हजार मिळत असत. उसाच्या या पट्ट्यात त्या पैशात जागा मिळणं अवघड. आणि काही वेळा पैसे जमतात, विकणारा मिळत नाही.

विकणारा मिळत नाही म्हणजे काय, ते एका व्यवहारावरून सांगतो. नवराबायको दोघंही नोकरीत. पुराला कंटाळून उंचावरच्या गावात तयार घर बघितलेलं. एजंटामार्फत दर ठरला, विसार दिला, साठेखताचा मसुदा मी लिहिला. दोन्हीकडची आधार कार्डं टेबलावर आली. घरमालकानं ती वाचली, चहा मागवला आणि बाहेर जाऊन फोनवर बराच वेळ बोलला. परत आला तेव्हा विसाराची रक्कम त्याच्या हातात होती. म्हणाला, "आमचं काय न्हाई वो, पर गल्लीतली माणसं ऐकंनात. तुम्ही मनात काय धरू नकासा." त्या बाईंनी पैसे मोजून घेतले आणि मला विचारलं, "काका, मसुद्याचे किती झाले?" मी घेतले नाहीत. त्या बाईंच्या चेहऱ्यावर राग नव्हता. त्यांना हे सवयीचं होतं, आणि मला त्याचंच जास्त वाईट वाटलं. त्या कुटुंबानं पुढं घर घेतलं, आपल्याच लोकांच्या कॉलनीत, नदीपासून फार लांब नाही अशा ठिकाणी. उद्या कुणी म्हणेल, ही माणसं एकत्रच राहतात, त्यांना तसंच आवडतं.

असं घडल्यावर कायदा काय करतो? 1955 च्या अस्पृश्यता कायद्यात, ज्याला 1976 नंतर नागरी हक्क संरक्षण कायदा म्हणतात, कलम 4 मध्ये कोणत्याही वस्तीत घर बांधणं, घेणं आणि त्यात राहणं यापासून अस्पृश्यतेच्या कारणावरून अडवणं हा गुन्हा आहे. कलम स्पष्ट आहे. पण कारण कोण सांगतं? नकार देणारा म्हणतो, भावाचा विचार बदलला, आम्हाला शाकाहारीच पाहिजेत, सध्या विकायचं नाही. साक्षीदार त्याच गल्लीतले. सोसायट्यांच्या बाबतीत 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेला सदस्यत्व आपल्याच समाजापुरतं ठेवण्याची मुभा दिली. स्वतःहून एकत्र राहण्याचं स्वातंत्र्य मला मान्य आहे. पण ज्याच्यापाशी सगळी दारं आहेत त्याचं एकत्र राहणं आणि ज्याला दुसरं दारच नाही त्याचं एकत्र राहणं, यांना एकाच मापानं मोजता येत नाही.

बाबासाहेबांना हे स्वतःच्या अंगावर कळलेलं होतं. 1917 मध्ये परदेशातून उच्च शिक्षण घेऊन ते बडोद्याला नोकरीवर रुजू झाले. राहायला जागा मिळेना, म्हणून पारशी पथिकाश्रमात उतरले, तर तिथूनही त्यांना बाहेर काढलं. मोठ्या पदव्या असलेल्या माणसाला एका खोलीसाठी शहर सोडावं लागलं. 1920 च्या मार्चमध्ये आमच्या जिल्ह्यातल्या माणगावला अस्पृश्यांची परिषद झाली, शाहू महाराज तिथं आले, आणि त्या दिवसाचं मोल आम्ही आजही जपतो. त्यानंतरच्या बाबासाहेबांच्या विचारात जमीन आणि वस्ती हा मुद्दा पुन्हा पुन्हा येतो. दलित वर्गाच्या 1942 च्या नागपूर अधिवेशनात स्वतंत्र वसाहतींची मागणी झाली. 1947 च्या निवेदनात त्यांनी त्यासाठी वसाहत आयोग नेमावा असं मांडलं. पडीक सरकारी जमिनीवर नवी गावं. गावाची रचना तीच राहिली तर माणूस गावावर अवलंबूनच राहणार, हे त्यांनी ओळखलं होतं. तो आयोग झाला नाही.

अमेरिकेत कृष्णवर्णीयांबाबत हेच दुसऱ्या रीतीनं झालं. 1930 च्या दशकात एका सरकारी संस्थेनं शहरांचे नकाशे रंगवले. कृष्णवर्णीयांच्या वस्त्या बहुतेक लाल रंगात, म्हणजे कर्जासाठी धोक्याच्या. 1968 मध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर आठवड्याभरात घरांमधला भेदभाव बंद करणारा कायदा झाला. तरी 2020 मध्ये 108 शहरांचा अभ्यास झाला तेव्हा दिसलं की त्या लाल वस्त्या इतर भागांपेक्षा सरासरी 2.6 अंश सेल्सिअसनं जास्त तापतात. झाडं कमी, डांबर जास्त. नकाशा काढणारी माणसं गेली, पण त्यांची नातवंडं सावलीत आणि त्या वस्त्यांमधली नातवंडं उन्हात राहिली. त्यांच्याकडं ऊन, आमच्याकडं पाणी. मला ते वाचताना परकं काहीच वाटलं नाही.

वस्तीबद्दल लिहिताना फक्त तिच्या अभावांबद्दल लिहिणं अन्यायाचं होईल. पुरात शाळेच्या छावणीत सर्वांसाठी पिठलं-भात शिजवणारी पोरं याच वस्तीतली असतात. विहारात अभ्यासिका चालते, तिथून मुलं स्पर्धा परीक्षा पास होतात. चौदा एप्रिलला बाहेरगावची सगळी माणसं घरी येतात. आणि गावाबद्दलही न्यायानं बोललं पाहिजे. आमच्या कुरुंदवाडात मशिदीत गणपती बसतो, मोहरमचे ताबूतही सगळे मिळून करतात. लोक लांबून ते बघायला येतात आणि आम्हाला त्याचा अभिमान आहे. एका छताखाली दोन धर्मांचे देव राहू शकतात हे ज्या गावानं करून दाखवलं, त्या गावाला एका गल्लीत सगळ्या जातींची माणसं राहणं अशक्य आहे, असं मी मानत नाही.

डिसेंबर 2020 मध्ये राज्य सरकारनं वस्त्यांची जातिवाचक नावं बदलायचं ठरवलं. समतानगर, भीमनगर, क्रांतीनगर अशी नावं आली. हा निर्णय चांगला झाला. लेकराला शाळेत पत्ता सांगताना मान खाली घालावी लागू नये. पण नाव बदललं तरी जागा तिथंच आहे, पूररेषा तिथंच आहे, उतारा अजून आजोबांच्याच नावावर आहे.

पूरग्रस्त वस्त्यांच्या कायमच्या पुनर्वसनाची चर्चा दर महापुरानंतर होते. ती करणाऱ्यांनी किल्लारीकडं एकदा बघावं. 30 सप्टेंबर 1993 च्या भूकंपानंतर 52 गावं नव्यानं वसवली गेली. घराचं क्षेत्रफळ जमिनीच्या मालकीवरून ठरलं: भूमिहीन आणि अल्पभूधारकाला 250 चौरस फूट, मधल्याला 400, मोठ्या शेतकऱ्याला 750. ज्याला पूर्वी जमीन मिळू दिली नाही, त्याला नव्या गावातही सगळ्यात लहान घर मिळालं. पाटी कोरी होती, आराखडा नव्यानं काढायचा होता, आणि तरीही जुनी उतरंड त्यात उतरली. ती संधी हुकली तशी आमच्याकडं हुकू नये.

माझं मागणं दस्तलेखकाचं आहे, म्हणून ते कागदाच्या भाषेत सांगतो. पुनर्वसनातले भूखंड कुटुंबातल्या माणसांवरून ठरावेत, जमिनीवरून नाही. त्यांचं वाटप चिठ्ठ्या टाकून व्हावं, म्हणजे शेजारी आपोआप मिसळतील. मालमत्ता पत्रकावर नवराबायको दोघांची नावं यावीत. जुन्या वस्त्यांतल्या वारसनोंदी पूर यायची वाट न बघता, वस्तीत येऊन, विनाशुल्क कराव्यात. घर भाड्यानं देताना किंवा विकताना जातीवरून नकार दिला तर दाद मागायला सोपी, जवळची जागा असावी आणि कारण सांगण्याची जबाबदारी नकार देणाऱ्यावर असावी. यात अशक्य काही नाही. ज्या कलमांनी आणि नोंदींनी माणसांना एका बाजूला ठेवलं, तशाच कलमांनी आणि नोंदींनी त्यांना जागा देता येते. 1908 च्या एका निर्णयानं माझ्या वडिलांना अंथरूण दिलं, तेव्हा शासनानं मनावर घेतलं तर किती पिढ्या बदलतात याचा पुरावा मी स्वतः आहे. आता तसा निर्णय एका वसतिगृहापुरता नको, घरांसाठी हवा, आणि तो पुढचा पूर यायच्या आत हवा.